ओसाड भूमीकडे पाहायचं कसं? नॅन्सी होल्टचे चित्रपट आणि वाळवंटातले चार बोगदे

अमेरिकेतल्या युटा राज्याच्या वायव्य कोपऱ्यात ल्यूसिन नावाचं एक गाव होतं. रेल्वेच्या आधाराने वसलं आणि पुढे ओस पडलं. तिथून काही मैलांवर, सपाट वाळवंटात, काँक्रीटचे चार अवाढव्य पाइप आडवे ठेवलेले आहेत. दुरून पाहणाऱ्याला वाटेल, कुणी कंत्राटदार काम अर्धवट सोडून सामान तिथेच टाकून गेलाय. जवळ गेलं की कळतं, पाइप फुलीच्या आकारात मुद्दाम मांडलेले आहेत आणि प्रत्येकाच्या वरच्या अंगाला गोल भोकं पाडलेली आहेत.

नॅन्सी होल्ट या अमेरिकन कलावतीने १९७३ ते १९७६ या काळात हे काम उभारलं. नाव ‘सन टनेल्स’, म्हणजे सूर्याचे बोगदे. होल्ट चित्रपटही करायची: सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर, कथा नाही, नट नाहीत, असे. तिच्यावर लिहिताना लोक सहसा दोन कप्पे करतात. वाळवंटातली शिल्पं ‘लँड आर्ट’च्या, म्हणजे थेट मोकळ्या भूमीवर उभारलेल्या कलेच्या कप्प्यात, चित्रपट ‘प्रायोगिक सिनेमा’च्या कप्प्यात. मला ही वाटणी पटत नाही. ते पाइप आणि ते चित्रपट एकाच प्रश्नावर केलेली कामं आहेत. जिथे पाहण्यासारखं काही नाही असं वाटतं, तिथे माणसाने पाहायचं कसं, हा तो प्रश्न. तो समजला की प्रायोगिक चित्रपटांची निम्मी भीती आपोआप जाते, म्हणून जरा निवांत उलगडून सांगते.

उजाड जागेत डोळा का फसतो

आपण अंतर ओळखतो ते खुणांवरून. माणूस, झाड, दार, विजेचा खांब यांचा आकार आपल्याला माहीत असतो. ते जेवढे लहान दिसतील तेवढे लांब, हा हिशेब मेंदू आपल्या नकळत करत राहतो. दुसरी खूण हवेची. दूरचा डोंगर धूसर, निळसर दिसतो, कारण मध्ये बाष्प आणि धूळ असते. कोरड्या वाळवंटात या दोन्ही खुणा गळून पडतात. ओळखीच्या आकाराचं काही नसतं आणि हवा इतकी स्वच्छ असते की पन्नास मैलांवरचा डोंगर तासाभराच्या चालीवर असल्यासारखा वाटतो. नजर टेकायला जागाच सापडत नाही. थोड्या वेळाने आपण पाहणं सोडून देतो आणि म्हणतो, ‘इथे काहीच नाही.’

अशा जागेचा फोटो काढला तर तो बहुतेक वेळा सपक येतो. खाली एक पिवळट पट्टा, वर एक निळा. जागेचा भव्यपणा फोटोत उतरत नाही, कारण तो कुठल्या एका वस्तूत नसतोच. तो आपल्या शरीराच्या आणि क्षितिजाच्या नात्यात असतो.

होल्ट या अनुभवात पहिल्यांदा सापडली १९६८ च्या उन्हाळ्यात. तिचं शिक्षण जीवशास्त्राचं, राहणं न्यूयॉर्कचं. नवरा रॉबर्ट स्मिथसन आणि मित्र मायकल हायझर या दोन कलावंतांबरोबर ती नेवाडाच्या वाळवंटात गेली. पहिले काही दिवस तिला झोपच लागली नाही, असं तिने पुढे मुलाखतीत सांगितलं. बाहेरचा विस्तार आणि आतली अवस्था एकच असल्यासारखं तिला वाटलं होतं. त्याच प्रवासात तिघांनी कॅलिफोर्नियातल्या मोनो लेक या खाऱ्या सरोवराकाठी सुपर-एट या छोट्या, घरगुती फिल्म कॅमेऱ्याने चित्रण केलं. होल्टने त्याचं संकलन पूर्ण केलं २००४ साली, म्हणजे तब्बल ३६ वर्षांनी.

त्याच सुमारास हायझर आणि स्मिथसन जमिनीशी थेट भिडत होते. हायझरने १९६९ मध्ये नेवाडातल्या एका पठाराच्या कडेला दोन प्रचंड खंदक खोदले आणि सुमारे २ लाख ४० हजार टन दगडमाती हलवली. स्मिथसनने १९७० मध्ये युटाच्या ग्रेट सॉल्ट लेकमध्ये काळ्या दगडांचा १,५०० फूट लांबीचा वळणदार धक्का बांधला आणि त्यावर चित्रपटही केला. दोन्ही कामं थोरच आहेत. होल्टने मात्र दुसरीच वाट धरली. जमीन बदलण्यापेक्षा पाहणाऱ्याची नजर बदलण्यात तिला रस होता.

एक साधी नळी

१९७१ च्या सुमारास तिने ‘लोकेटर’ नावाची साधनं करायला घेतली. जमिनीतून डोळ्याच्या उंचीपर्यंत येणारा लोखंडी नळ, त्याच्या डोक्यावर आडवा बसवलेला फूटभर लांबीचा दुसरा नळ. बस, एवढंच. एक डोळा मिटायचा आणि दुसऱ्याने नळीतून पाहायचं.

कागदावर हे पोरकट वाटेल. प्रत्यक्षात यात दोन गोष्टी घडतात. एक डोळा मिटल्यामुळे खोलीचं भान कमी होतं आणि समोरचं दृश्य सपाट चित्रासारखं होतं. आणि गोल कडेमुळे बाकी सगळं जग कापलं जाऊन एकच तुकडा उरतो. मघाशी नजर टेकायला जागा नव्हती, आता तिला कड मिळाली. नळीत काय दिसेल ते होल्टने ठरवलेलं असतं, पण पाहायला वाकायचं तुम्हालाच. १९७२ मध्ये मोंटानातल्या एका मोकळ्या कुरणावर तिने असे आठ लोकेटर ४० फूट व्यासाच्या वर्तुळात उभे केले. आतून बाहेर पाहिलं तर आठ दिशांचे आठ तुकडे दिसतात, बाहेरून आत पाहिलं तर समोरचा लोकेटर आणि त्याच्या नळीतून पलीकडचा भाग.

आता कॅमेऱ्याचा विचार करा. कॅमेरा तरी काय करतो? एक डोळा, एक चौकट आणि बाकी सगळं बाहेर. लोकेटर म्हणजे फिल्म न घातलेला कॅमेरा, एवढं लक्षात ठेवलंत तर होल्टचं पुढचं सगळं काम हाताशी येतं.

दलदल: चौकट जेव्हा आंधळं करते

१९७१ मध्येच होल्ट आणि स्मिथसनने मिळून ‘स्वॉम्प’ हा सहा मिनिटांचा चित्रपट केला. जागा न्यू जर्सीची दलदल. माणसापेक्षा उंच वेत माजलेले. होल्टच्या हातात किल्लीचा बोलेक्स कॅमेरा. नियम एकच: तिने फक्त व्ह्यूफाइंडरमधून पाहायचं आणि स्मिथसन तोंडी सांगेल तसं चालायचं. उजवीकडे, सरळ, जरा थांब.

पडद्यावर दिसतात ते वेत. पिवळे, करडे, लेन्सवर आदळणारे. कधी एखादी काडी इतकी जवळ येते की चौकटभर नुसता रंग पसरतो. कानावर येतात पाय रोवल्याचे आणि वेत मोडल्याचे आवाज आणि दोघांचं बोलणं. तो दिशा सांगतो, तिला त्या दिशेला काही दिसत नसतं, तरी ती पुढे सरकते. आपणही तिच्याबरोबर अडकतो, कारण तिला जेवढं दिसतं तेवढंच आपल्याला दिसतं.

‘यात घडतं काय?’ असं विचाराल तर उत्तर आहे: पाहणं आणि चालणं यांचं भांडण घडतं. एरवी चित्रपटात कॅमेरा सर्वज्ञ असतो, कुठे काय आहे ते त्याला आधीच ठाऊक असतं. इथे तो चाचपडतो. चौकट आपल्याला जग दाखवते असं आपण धरून चालतो, पण तीच चौकट जगाचा केवढा मोठा भाग झाकते, ते ही सहा मिनिटं अंगावर आणतात. शब्दांनी समजावलं असतं तर लेखभर लागला असता आणि तरी पटलं नसतं. प्रायोगिक चित्रपटाची ताकद मला इथे सगळ्यात स्वच्छ दिसते. तो पाहण्याची क्रिया आपल्यावरच करून दाखवतो.

याच वर्षी कॅनडाच्या मायकल स्नोने क्वेबेकच्या उत्तरेकडच्या निर्मनुष्य डोंगराळ भागात तीन तासांचा चित्रपट पूर्ण केला. त्यासाठी एक यांत्रिक हात खास बनवून घेतला होता. कॅमेरा त्यावर बसवला की तो सगळ्या दिशांना आपोआप फिरायचा, मागे माणूस लागत नसे. ही दोन कामं शेजारी ठेवून पाहण्यासारखी आहेत. स्नोने ओसाड जागेतून माणसाचा डोळा काढून टाकला. होल्टने माणसाचं शरीर, दम आणि गोंधळ यांसकट डोळा त्या जागेत ढकलला. मला स्वतःला होल्टची बाजू जवळची वाटते, कारण यंत्र कधी घाबरत नाही आणि ओसाड जागेत भीती हा अनुभवाचा मोठा भाग असतो.

‘काहीच नाही’ असं कोण म्हणतं?

१९७५ चा ‘पाइन बॅरन्स’ हा साधारण अर्ध्या तासाचा चित्रपट. पाइन बॅरन्स हा न्यू जर्सीतच, दाट शहरांपासून फार दूर नसलेला मोठा जंगलपट्टा आहे. जमीन वाळूची आणि आम्ल, नेहमीची पिकं येईनात, म्हणून वसाहतवाल्यांनी त्याला ‘बॅरन’, म्हणजे ‘नापीक’ ठरवलं आणि तेच नाव चिकटलं. प्रत्यक्षात तिथलं पिच पाइन हे झाड वणव्याशी जुळवून घेतलेलं आहे. आग लागून गेली की खोडातून आणि मुळातून नवे कोंब फुटतात, काही झाडांची बंद फळं तर आगीच्या उष्णतेनेच उघडतात आणि बी सांडतं. काही भागांत वारंवार लागणाऱ्या आगीमुळे झाडं खुजीच राहतात, मोठ्या माणसाच्या उंचीचं जंगल.

होल्टचा कॅमेरा या पट्ट्यातून बहुतेक वेळ हलत राहतो. वाळूचे रस्ते, पाणी, खुजी झाडं, मोडकी घरं. माणूस एकही दिसत नाही. पण आवाज ऐकू येतात ते तिथे राहणाऱ्या लोकांचे. बाहेरचे आम्हाला काय समजतात, आम्ही इथे का राहतो, रानात फिरणाऱ्या ‘जर्सी डेव्हिल’ या दंतकथेतल्या सैतानाची गोष्ट, असं बरंच काही. संगीतही तिथल्याच वादकांचं.

डोळ्यांना रिकामं आणि कानांना भरलेलं, अशी ही रचना आहे. माणसं दाखवली असती तर आपण त्यांचे कपडे आणि चेहरे पाहून चटकन मत बनवलं असतं. ती दिसत नाहीत, म्हणून आवाज ऐकताना आपण झाडांकडे पाहत राहतो, आणि हळूहळू ती झाडं कुणाची तरी होतात.

हे इथे ताणून सांगण्याचं कारण आहे. ‘ओसाड’ हे वर्णन निरागस नसतं. युटा आणि नेवाडाचं वाळवंट शोशोनी आणि गोशूट या तिथल्या मूळ रहिवाशांची भूमी आहे. त्यांना तिथलं पाणी, पाइनच्या बिया, शिकारीच्या वाटा हजारो वर्षं माहीत होत्या. बाहेरून आलेल्यांनी तीच भूमी रिकामी मानली, आणि एकदा रिकामी मानली की तिथे काहीही करता येतं. हिरोशिमा आणि नागासाकीवर अणुबाँब टाकणाऱ्या विमानदलाच्या तुकडीचा सराव युटातल्याच वेंडोव्हरच्या तळावर झाला. १९५१ पासून नेवाडात अणुचाचण्या सुरू झाल्या. लँड आर्टवाल्या सगळ्याच कलावंतांना हा प्रश्न विचारायला हवा, होल्टलाही. ‘सन टनेल्स’मध्ये त्या भूमीचा मानवी इतिहास दिसत नाही, ही उणीव मी मान्य करते. ‘पाइन बॅरन्स’मध्ये मात्र तिने तो प्रश्न टाळलेला नाही.

चार पाइप, एक सूर्य

जुलै १९७३ मध्ये टेक्सासात एका नव्या कामाची जागा विमानातून पाहताना अपघात झाला आणि स्मिथसन गेला. त्याच वर्षी ‘सन टनेल्स’ची कल्पना होल्टच्या मनात पक्की झाली. पुढच्या वर्षी तिने ल्यूसिनजवळ ४० एकर जमीन विकत घेतली.

प्रत्येक बोगदा १८ फूट लांब, आतून आठ फूट उंच, वजन २२ टन. आठ फूट म्हणजे उंच माणूसही आत ताठ उभा राहतो. समोरासमोरचे दोन बोगदे धरून फुलीची लांबी ८६ फूट. आता ही फुली अशीच का, ते पाहू.

सूर्य रोज नेमक्या पूर्वेला उगवत नाही. त्याचं उगवतीचं ठिकाण क्षितिजावर वर्षभर सरकतं. २१ जूनच्या सुमारास ते जास्तीत जास्त उत्तरेला जातं, २१ डिसेंबरच्या सुमारास जास्तीत जास्त दक्षिणेला. मावळतीचंही तसंच. म्हणजे सूर्याच्या या प्रवासाची चार टोकं झाली: उन्हाळ्यातली उगवत ईशान्येकडे, मावळत वायव्येकडे, हिवाळ्यातली उगवत आग्नेयेकडे, मावळत नैर्ऋत्येकडे. गंमत अशी की जूनची उगवत आणि डिसेंबरची मावळत एकमेकांच्या अगदी समोर येतात, दोन्ही एकाच सरळ रेषेवर. तशीच जूनची मावळत आणि डिसेंबरची उगवत. चार प्रसंगांना दोन रेषा पुरतात, आणि दोन रेषा एकमेकींना छेदल्या की फुली होते.

ही फुली काटकोनाची मात्र नाही. सूर्य पूर्वेपासून किती अंश सरकतो, हे त्या जागेच्या अक्षांशावर ठरतं. विषुववृत्तावर तो साडेतेवीस अंशांच्या आसपास सरकतो, या जागी साधारण ३२. त्यामुळे पूर्वेकडच्या दोन बोगद्यांमधला कोन ६४ अंशांच्या जवळपास येतो. हेच बोगदे उचलून बऱ्याच दक्षिणेला किंवा उत्तरेला नेऊन ठेवले तर सूर्य त्यांच्या मधोमध यायचाच नाही. त्या शिल्पाचा आकार त्या जागेनेच ठरवला आहे.

बोगद्यांच्या वरच्या अंगाची भोकं सात ते दहा इंच व्यासाची आहेत. प्रत्येक बोगद्यात एका तारकासमूहाची मांडणी आहे: कालेय, ययाती, कपोत आणि मकर. तारा जितका ठळक, तितकं भोक मोठं. दिवसा त्यांतून ऊन आत येतं आणि बोगद्याच्या तळावर उजेडाचे गोल कवडसे पडतात, म्हणजे भर दुपारी पायाखाली तारे.

त्यातला एकच कवडसा धरून बसा. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते. भोकापासून आठ फुटांवरच्या तळाशी हा कवडसा, ढोबळ हिशेबाने, तासाला दोन फुटांच्या आसपास सरकतो. मिनिटाला जेमतेम सेंटिमीटरभर. पहिल्या नजरेला तो स्थिर वाटतो. काँक्रीटवरच्या एखाद्या बारीक खड्ड्याशी त्याची कड जुळवून पाहिली की मिनिटभरात तो खड्डा उजेडातून अंधारात गेलेला असतो. सरकताना त्याचा आकारही बदलतो, गोलाचा लांबट होतो, कारण तळ वळलेला आहे आणि ऊन तिरपं होत जातं. पृथ्वी फिरते हे आपण शाळेत पाठ केलेलं असतं. इथे ते डोळ्यांना दिसतं, तेही कुठल्याही यंत्राशिवाय.

आता चित्रपट म्हणजे काय ते आठवा: काळोखी जागा, एका बाजूने येणारा प्रकाश, समोरच्या पृष्ठभागावर हलणारी आकृती. बोगद्यात नेमकं हेच आहे. प्रोजेक्टर सूर्य, पडदा काँक्रीटचा, खेळ दिवसभराचा. बोगद्याच्या तोंडातून बाहेर पाहिलं तर तोच पाइप लोकेटर होतो, एरवी हाताला न लागणारा विस्तार गोल चौकटीत बसतो आणि दूरचा डोंगर आता कशाच्या तरी मागे आहे हे कळतं. शिवाय आत सावली मिळते आणि आवाज घुमतो. एवढ्या मोठ्या वाळवंटाला माणसाच्या मापात आणायचं, हा होल्टचा हेतू होता, तो तिने स्वतः लिहूनही ठेवला आहे.

या कामावर तिने १९७८ मध्ये त्याच नावाचा २६ मिनिटांचा चित्रपट पूर्ण केला. १९७७ मध्ये लिहिलेल्या लेखात तिने या कामावर राबलेल्यांची यादी दिली होती: अभियंते, खगोलभौतिकीचा तज्ज्ञ, मोजणीदार, खड्डे खणणारे, काँक्रीट पाइपच्या कारखान्यातले दहा कामगार, भोकं पाडणारे, ट्रकचालक, क्रेनचालक, हेलिकॉप्टरचा वैमानिकसुद्धा. ती यादी मला फार आवडते. ओसाड जागेतल्या कलावंताचं आपण जे एकांतातल्या ऋषीचं चित्र रंगवतो, त्याला ती यादी छेद देते.

२०१८ पासून ‘सन टनेल्स’ डिया आर्ट फाउंडेशन या अमेरिकी कलासंस्थेच्या ताब्यात आहे. तिथे तिकीट, फाटक, हॉटेल यांपैकी काही नाही. जूनच्या आणि डिसेंबरच्या त्या दिवसांच्या आसपास लोक तंबू घेऊन जमतात. नेमका दिवस चुकला तरी बिघडत नाही, कारण त्या काळात सूर्याचं सरकणं अगदी मंदावलेलं असतं आणि काही दिवस तरी तो बोगद्याच्या तोंडात येत राहतो.

चित्रपट एखाद्या संग्रहालयात किंवा महोत्सवात पाहायला मिळाले तर माझ्या मते सुरुवात ‘पाइन बॅरन्स’ने करावी. त्यात आवाज सोबतीला असतात, त्यामुळे नवखा प्रेक्षक एकटा पडत नाही. मग ‘स्वॉम्प’, शक्यतो मोठ्या पडद्यावर आणि आवाज नीट ऐकू येईल असा, कारण त्यात अर्धी दिशा कानांनीच कळते. फोनवर तो पाहू नये, लहान पडद्यावर वेत अंगावर येत नाहीत. ‘सन टनेल्स’ शेवटी. त्यातला कारखान्याचा, ट्रकचा, क्रेनचा भाग काही जणांना नुसती नोंद वाटते आणि ते पुढे ढकलून उजेडाच्या दृश्यांकडे जातात. तसं करू नये. २२ टनांचा पाइप क्रेनला लटकलेला असताना आपल्याला त्याचं वजन कळतं, आणि ते कळल्यावरच त्याच्या आतून सरकणारा कवडसा किती हलका आहे हे जाणवतं.